चुना नुसता वाळत नाही

एक साधा प्रश्न विचारतो. ओला टॉवेल दोरीवर टाकला की वाळतो आणि वाळल्यावर हलका होतो. चुना लावलेली भिंतही वाळते, पाणी उडून जाते, ती हलकी होते. पण त्यानंतर मात्र ती कित्येक दिवस हळूहळू जड होत जाते! भिंतीला तर कोणी काही आणून देत नाही. मग हे वजन येते कोठून?

या प्रश्नाचे उत्तर मला बी. एस्सी. होण्यापूर्वीच पाठ होते. तरीही आमच्या राहात्याच्या घरातील मागच्या खोलीने मला दोनदा नापास केले. मी महाविद्यालयात पदार्थविज्ञान शिकवतो, हे लक्षात घेतले तर ही गोष्ट सांगायला थोडी लाजच वाटते. पण ती सांगितल्याशिवाय चुन्याचे शास्त्र नीट समजणार नाही, म्हणून सांगतो.

आमचे घर गावठाणात आहे. पुढचा भाग सिमेंटचा. मागची एक खोली मात्र आजोबांच्या वेळची, दगड-मातीच्या दोन फूट जाड भिंतींची आणि वर माळवद असलेली. उन्हाळ्यात घरात सर्वांत गार खोली हीच. तेथे धान्याची कोठी असते आणि आईही तेथेच झोपते. दर दिवाळीपूर्वी या खोलीला चुन्याचा हात देण्याची पद्धत होती. तीन वर्षांपूर्वी घरात लग्न निघाले तेव्हा मी ती पद्धत मोडली. ‘आता कोण चुना लावते?’ असे म्हणून धुता येणारा, गुळगुळीत प्लॅस्टिक रंग लावून घेतला. खोली लग्नाच्या फोटोत फारच छान दिसली.

पुढच्या पावसाळ्यात जमिनीपासून हात-दीड हात उंचीपर्यंत रंगाला फुगे आले. बोट लावले की फुगा फुटे आणि आतून पांढरी खारट भुकटी व मातीचा चुरा पडे. कोठीमागच्या भिंतीवर काळी बुरशी धरली. तळाच्या गव्हाला कुबट वास येऊ लागला आणि आईचा खोकला हटेना. आई म्हणाली, “अरे, भिंतीचं तोंड बांधलंस तू.” मी मनात म्हटले, भिंतीला कसले तोंड! पण आईचे बोलणे पदार्थविज्ञानाच्या दृष्टीने बरेचसे बरोबर होते.

भिंतीचे तोंड

आमचा भाग गोदावरीच्या उजव्या कालव्याचा. शंभराहून अधिक वर्षे येथे कालव्याचे पाणी खेळते आहे. ऊस आला, पेरूच्या बागा आल्या, लोणीला १९५० मध्ये सहकारी साखर कारखाना सुरू झाला. पाण्याबरोबर काही ठिकाणी जमिनीतले क्षारही वर आले. अशा जमिनीला आपण खारवट किंवा चोपण म्हणतो. जुन्या घरांच्या भिंतींना खाली ओलसर थर लागू देणारा पायाच नसतो असे नाही. पण ओल अडवणारा थर बहुधा नसतो. कंदिलाच्या वातीत रॉकेल जसे आपोआप वर चढते तसे मातीच्या बारीक छिद्रांतून पाणी भिंतीत चढते. हेच केशाकर्षण. चढणारे पाणी एकटे येत नाही, विरघळलेले क्षारही घेऊन येते.

भिंतीवर मातीचा किंवा चुन्याचा थर असेल तर त्यातील सूक्ष्म छिद्रांतून हे पाणी वाफ होऊन निघून जाते. क्षार वरच्या वर फुलतात. ते झाडून टाकावेत आणि वर पुन्हा चुना द्यावा, एवढेच काम. प्लॅस्टिक रंगाचा पापुद्रा मात्र वाफेला सहज वाट देत नाही. पाणी मागे कोंडते, क्षारांचे स्फटिक पापुद्र्याच्या पाठीमागे वाढतात आणि वाढताना रंग ढकलतात. फुगा येतो तो असा. याला आपण ‘लोणा लागला’ म्हणतो.

तेव्हा पहिली चूक कळली. रंग खरवडून काढला. तोही सहजासहजी निघाला नाही. पण थोडासुद्धा ठेवून चालले नसते, कारण चुना प्लॅस्टिक रंगावर धरत नाही. भिंत पूर्ण उन्हाळाभर उघडी ठेवली आणि मे महिन्याच्या एका दुपारी मी स्वतः चुना लावायला घेतला. सुट्टी होती, ऊन कडक होते. वाटले, झटपट वाळेल.

वाळला खरा झटपट. दुसऱ्या दिवशी भिंत दुधासारखी पांढरी दिसत होती. पण टेकून बसले की पाठ पांढरी! हात फिरवला की हाताला पीठ. आठ दिवसांनी पाहिले तरी तेच. दुसऱ्यांदा नापास झालो तो येथे.

शेजारच्या गल्लीत एक वयोवृद्ध गवंडी राहतात. त्यांनी भिंतीला नुसते बोट लावले आणि विचारले, “भिंत भिजवली होती का?” मी म्हटले, “नाही.” ते म्हणाले, “मग चुना काय पिऊन घट्ट होईल?”

दगडातून निघालेला आणि दगडाकडे परतणारा

चुन्याची सगळी कथा एका वायूभोवती फिरते, म्हणून थोडे मागे जाऊ.

आपल्याकडच्या काळ्या जमिनीत नांगरताना पांढुरके, ओबडधोबड खडे वर येतात. ही चुनखडी. रसायनशास्त्राच्या भाषेत ते मुख्यतः कॅल्शियम कार्बोनेट. खडू, संगमरवर, शिंपले, कोंबडीच्या अंड्याचे कवच, सगळ्यांत हाच पदार्थ आहे. चुनखडी भट्टीत सुमारे ९०० अंश सेल्सिअसपर्यंत तापवली की तिच्यातून कार्बन डायऑक्साइड वायू निघून जातो आणि मागे कळीचा चुना राहतो. हिशेब सोपा आहे. १०० किलो शुद्ध चुनखडीतून ४४ किलो वायू उडतो आणि ५६ किलो कळीचा चुना मिळतो. जुन्या काळी गावोगावच्या बांधकामावर चुना तयार करीत. बैल जुंपलेल्या दगडी चाकाखाली, गोल चरात, तो वाळूबरोबर दळीत. अशा चुन्याच्या घाणीचे दगडी चाक एखाद्या जुन्या वाड्याच्या किंवा देवळाच्या आवारात अजूनही पडलेले दिसते. दिसले तर त्याच्यावर बसण्यापूर्वी नीट पाहून घ्या.

कळीचा चुना पाण्यात टाकला की तो पाण्याशी संयोग पावतो आणि विरतो. या क्रियेत प्रचंड उष्णता बाहेर पडते. किती? १ किलो शुद्ध कळीच्या चुन्यातून निघणारी उष्णता साडेतीन लिटर पाण्याला खोलीच्या तापमानापासून उकळीपर्यंत नेऊ शकेल एवढी! म्हणून कळीचा चुना विरवण्याचे काम तुम्ही करायचे नाही. ते मोठ्या माणसाने, लोखंडी पिंपात, भरपूर पाण्यात थोडा थोडा चुना टाकून, तोंड दूर ठेवून करावयाचे. प्लॅस्टिकची बादली वितळते, आणि बंद डब्यात तर हा प्रकार कधीच करू नये, डबा फुटतो.

विरलेला चुना म्हणजे कॅल्शियम हायड्रॉक्साइड. हाच पानाच्या डब्यात असतो, हाच साखर कारखान्यात उसाच्या रसातली घाण खाली बसवतो, आणि मोरचुदाबरोबर मिसळला की फळझाडांच्या खोडांवर लावतात ते बोर्डो मिश्रण होते. आणि हाच आपण भिंतीला लावतो.

आता येतो मुख्य भाग. भिंतीवर लावलेल्या विरलेल्या चुन्यातले मोकळे पाणी उडून जाते, त्याला आपण वाळणे म्हणतो. पण एवढ्याने चुना घट्ट होत नाही. वाळलेला चुना म्हणजे एक सुटी भुकटी, भिंतीला कशीबशी चिकटलेली. ती घट्ट होते हवेतील कार्बन डायऑक्साइड घेऊन. भट्टीत जो वायू गमावला तोच हवेतून परत घेऊन चुना पुन्हा कॅल्शियम कार्बोनेट बनतो, म्हणजे दगड होतो! त्याचे सूक्ष्म स्फटिक एकमेकांत आणि भिंतीच्या छिद्रांत गुंततात. ७४ ग्रॅम विरलेल्या चुन्याचे अखेर १०० ग्रॅम कॅल्शियम कार्बोनेट होते. सुरुवातीला विचारलेल्या वजनाचे उत्तर हे आहे. भिंत हवा खाऊन जड होते.

मग माझा चुना का घट्ट झाला नाही? हवा तर खोलीत भरपूर होती. याचे कारण असे की कोरडा वायू आणि कोरडी भुकटी यांची गाठ पडून फारसे काही घडत नाही. वायू आधी पाण्यात विरघळावा लागतो, चुनाही पाण्यात थोडासा विरघळावा लागतो, आणि दोघांची भेट पाण्यात होते. मे महिन्याच्या दुपारी तापलेल्या, तहानलेल्या मातीच्या भिंतीने चुन्यातले पाणी तासाभरात शोषून घेतले. उरलेले गरम वाऱ्याने नेले. भेटीची जागाच नाहीशी झाली. उलट भिंत सारखी चिंब राहिली तरी वायू आत पोचत नाही, कारण पाण्यातून तो फार मंद सरकतो. छिद्रांच्या कडांना पाण्याचा पातळ थर आणि मध्ये हवेला वाट, अशी दमट स्थिती हवी. गवंडी महाराजांनी हे एका वाक्यात सांगितले होते. मला एक पान लागले.

शाळेत तुम्ही चुन्याच्या निवळीत नळीने फुंकर घालता आणि निवळी दुधाळ होते. तो प्रयोग आणि ही भिंत एकच आहेत. या वायूची ओळख जोसेफ ब्लॅक या स्कॉटिश शास्त्रज्ञाने पटवली. १७५६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात त्याने वजने काटेकोर मोजून दाखवून दिले की चुनखडी भाजताना तिच्यातून एक ‘बद्ध वायू’ निघतो आणि चुना तो परत घेऊ शकतो. हाच ब्लॅक तुम्हाला पुढे सुप्त उष्मा शिकताना पुन्हा भेटेल. रसायनशास्त्राचे लोक त्याला आपला म्हणतात, आम्हीही आपला म्हणतो.

खोलीभर हवा पुरते का?

आता थोडे गणित करू. समजा एका खोलीच्या भिंतींवर सगळे मिळून १ किलो विरलेला चुना बसला. त्याचा दगड होण्यास सुमारे ६०० ग्रॅम कार्बन डायऑक्साइड हवा. हवेत या वायूचे प्रमाण आज सुमारे ०·०४२ टक्के आहे. दहा फूट लांब, दहा फूट रुंद आणि दहा फूट उंच खोलीत २८ घनमीटर हवा मावते. तिच्यात हा वायू केवळ २१ ग्रॅमच्या आसपास भरतो. म्हणजे अशा २८ खोल्यांतील हवेतला सगळा वायू वापरला तेव्हा कोठे तेवढा चुना पिकणार! म्हणून चुना लावून खोली गच्च बंद करून ठेवणे हे उन्हात वाळवण्याइतकेच चुकीचे. खिडकी उघडी हवी, पण कडक ऊन आणि झळा नकोत.

आणखी एक गंमत. एक माणूस दिवसभरात श्वासावाटे साधारण १ किलो कार्बन डायऑक्साइड बाहेर टाकतो. म्हणजे त्या खोलीत झोपणाऱ्या माणसाचा श्वासही थोडाफार भिंतीत जाऊन बसतो. आमच्या आजोबांचा श्वास त्या भिंतीच्या आतल्या थरांत कोठे तरी दगड होऊन असला पाहिजे. हे वाक्य वर्गात म्हटले तेव्हा मागच्या बाकावरची मुले हसली. पण गणित चुकलेले नाही.

चुना वायू शोषतो म्हणून चुन्याने रंगवल्यास जगाच्या तापमानवाढीला आळा बसेल, असे मात्र कोणी सांगितले तर मान डोलावू नका. जेवढा वायू भिंत घेते तेवढाच आधी भट्टीत बाहेर पडलेला असतो. शिवाय भट्टीच्या जळणाचा धूर वेगळाच. हिशेब फार तर बराचसा भरून निघतो, नफा होत नाही.

ओली भिंत काळपट का दिसते?

रसायन पुष्कळ झाले. आता माझ्या विषयाकडे येतो.

चुन्याचा पहिला हात दिल्यावर भिंत मुळीच पांढरी दिसत नाही. मळकट, अर्धपारदर्शक दिसते, खालचे डाग दिसत राहतात. नवशिक्याला वाटते चुना पातळ झाला, आणि तो आणखी चुना ओतून घट्ट करतो. तेथेच बिघडते. जाड थर वाळताना आकसतो, त्याला भेगा पडतात आणि पोपडे निघतात. जुना रंगारी मात्र शांत असतो. त्याला ठाऊक असते की सकाळी भिंत आपोआप पांढरी होणार आहे.

चुन्याचा कण स्वतः पांढरा नसतो. तो काचेसारखा पारदर्शकच असतो. मिठाचा मोठा खडा पारदर्शक, पण कुटलेले मीठ पांढरे, काच पारदर्शक, पण काचेचा चुरा पांढरा, तसेच हे. प्रकाश एका माध्यमातून दुसऱ्यात जाताना त्यातला थोडा भाग परततो. किती परततो हे दोन्ही माध्यमांच्या अपवर्तनांकांतील तफावतीवर अवलंबून असते. चुन्याच्या कणाचा अपवर्तनांक साधारण १·६, हवेचा १. अशा पृष्ठभागावर सरळ पडलेल्या प्रकाशाचा सुमारे ५ टक्के भाग परततो. हे थोडे वाटते, पण एका पातळ थरात असे हजारो पृष्ठभाग एकामागून एक येतात. प्रकाश इकडेतिकडे उसळत अखेर बहुतेक सगळा बाहेर येतो, आणि कोणत्याही एका रंगाला झुकते माप न देता येतो. म्हणून पांढरा रंग.

कणांमधील फटींत पाणी असेल तर? पाण्याचा अपवर्तनांक १·३३, म्हणजे कणाच्या बराच जवळचा. आता परतणारा भाग १ टक्क्याहूनही कमी. प्रकाश आत घुसतो, खालच्या काळपट भिंतीपर्यंत पोचतो आणि तेथेच शोषला जातो. पाणी उडाले, फटींत हवा आली, की भिंत उजळते. पांढऱ्या सदऱ्यावर पाणी सांडले की आतला बनियन दिसू लागतो त्याचेही कारण हेच.

दुकानातल्या पांढऱ्या रंगात टिटॅनियम डायऑक्साइड असते. त्याचा अपवर्तनांक २·६ च्या वर आहे, म्हणून तो ओला असतानाच झाकतो आणि एकदोन हातांत काम होते. चुन्याला तीन हात लागतात. कंजूसपणा करून दोनातच उरकायचे ठरवले तर चुना दोष देण्यासारखा ठरतो, पण दोष आपला.

पांढऱ्या भिंतीचा खोलीतील उजेडावर किती परिणाम होतो हेही पाहा. समजा भिंतीवर पडलेल्या प्रकाशापैकी ८० टक्के परततो. प्रकाश एका भिंतीवरून दुसरीवर, दुसरीवरून तिसरीवर असा जातो : १००, ८०, ६४, ५१… ही भूमितीय श्रेढी आहे. तिची बेरीज करा. ५०० येते. चुलीच्या धुराने काळवंडलेली भिंत फक्त २० टक्के परतवत असेल तर बेरीज १२५. दिवा तोच, उजेडात चौपट फरक! प्रत्यक्षात खिडकी, जमीन आणि सामान यांमुळे आकडे बदलतील. पण एक झरोका आणि एक रॉकेलची चिमणी एवढ्यावर ज्या घरात अभ्यास होत असे तेथे दिवाळीपूर्वीचा चुना ही हौस नव्हती. माझे वडील याच मागच्या खोलीत मॅट्रिकचा अभ्यास करीत.

प्लेग, अजिंठा आणि तीन वर्षांचा चुना

ताजा चुना तीव्र अल्कली आहे. त्याच्या संपृक्त द्रावणाचा सामू सुमारे १२·४ असतो. एवढ्या अल्कलीत बुरशी व जंतू तग धरत नाहीत. म्हणून गोठे, दवाखाने, शाळा यांना चुना देण्याची प्रथा पडली. पण जंतुनाशक म्हटल्यावर लोक त्याच्याकडून नको तेवढ्या अपेक्षा करतात. १८९७ मध्ये पुण्यात प्लेग पसरला तेव्हा घरे तपासणाऱ्या गोऱ्या सैनिकांपाठोपाठ चुना लावणाऱ्या टोळ्याही हिंडत होत्या. लोकांना या सगळ्याचा किती जाच झाला ते तुम्ही इतिहासात वाचले असेल. पुढच्याच वर्षी, १८९८ मध्ये, पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरने कराचीत दाखवून दिले की प्लेग उंदरांवरच्या पिसवा पसरवतात. पिसू चावायची थोडीच थांबणार भिंत पांढरी केल्याने? आणखी असे, की चुन्याचा पुरता दगड झाल्यावर त्याची तीव्र अल्कलीही संपते. म्हणूनच तो दर वर्षी नव्याने द्यावा लागे.

अजिंठ्याच्या लेण्यांतील चित्रकारांनीही खडकावर मातीचा गिलावा देऊन त्यावर चुन्याचा पातळ पांढरा हात दिला आणि तो वाळल्यावर चित्रे काढली. युरोपातील भित्तिचित्रकार याच्या उलट करीत. ते चुना ओला असतानाच रंग भरीत, म्हणजे चुना दगड होताना रंग आत पकडून ठेवी. दोन्हीकडे रंग मात्र बहुतेक खनिजांचे. गेरू आणि पिवडी चुन्यात टिकतात, फुलापानांचे बहुतेक रंग चुना खाऊन टाकतो. तुम्हाला फिकट पिवळी किंवा गुलाबी खोली हवी असेल तर हे ध्यानात ठेवा. पांढऱ्यात चिमूटभर नीळ घालतात ती पिवळसर झाक मारण्यासाठी.

प्राचीन रोमन लेखक प्लिनी याने लिहून ठेवले आहे की जुन्या बांधकाम-कायद्यांप्रमाणे तीन वर्षांहून कमी मुरलेला चुना वापरण्यास मनाई होती. चुना पाण्याखाली बुडवून ठेवला की हवा पोचत नाही, म्हणून तो दगड होत नाही. उलट त्याचे कण बारीक व चिकट होत जातात. मी तीन वर्षे थांबलो नाही. पंधरा दिवस थांबलो.

तिसरा प्रयत्न

तो ऑक्टोबर महिना होता. पाऊस ओसरला होता, हवेत अजून ओलावा होता. दिवाळीच्या तोंडावर चुना देण्याच्या प्रथेमागे सणाबरोबर हवामानही असावे असे मला त्या वेळी प्रथमच वाटले.

आधी चुना तपासला. पिशवीतल्या तयार चुन्यात कधी कधी खडूची भुकटी मिसळलेली असते, किंवा तो जुना होऊन पिशवीतच दगडाच्या वाटेला लागलेला असतो. गव्हाच्या दाण्याएवढा चुना बशीत घेऊन त्यावर लिंबू पिळा. खरा विरलेला चुना बुडबुडे न येता विरघळतो; फसफसून बुडबुडे आले तर त्यात कार्बोनेट आहे. ‘चुना लावणे’ या वाक्प्रचाराचा अनुभव दुकानातच येऊ नये यासाठी ही परीक्षा बरी.

मुरलेला चुना जुन्या धोतराच्या फडक्यातून गाळला. १ किलोला सुमारे ५ लिटर पाणी, म्हणजे दुधासारखा पातळ. थोडा डिंक आणि मूठभर मीठ घातले. मीठ हवेतील ओलावा धरून ठेवते, त्यामुळे चुना लवकर कोरडा पडत नाही. पण जेथे आधीच लोणा आहे त्या खालच्या दीड हातात मीठ घातलेला चुना लावला नाही. तेथे आणखी क्षार कशाला? भिंत आदल्या संध्याकाळी आणि पुन्हा लावण्यापूर्वी भिजवली. काम चारनंतर सुरू केले. कुंचा आधी उभा, मग आडवा. एका दिवशी एकच हात. दुसऱ्या दिवशी पुन्हा पाण्याचा हलका शिडकावा आणि दुसरा हात. तिसऱ्या दिवशी तिसरा.

डोळ्यांवर चष्मा होता म्हणून सांगतो आहे : माळवदाखालच्या तुळईजवळ कुंचा उडाला आणि शिंतोडा थेट काचेवर आला. डोळ्यात गेला असता तर? चुना डोळा भाजतो, कायमची इजा करू शकतो. पानाच्या चुन्याची पुडी दाबून फोडताना लहान मुलांच्या डोळ्यांना अशा इजा होतात. चुना डोळ्यात गेलाच तर चोळू नये, ताबडतोब स्वच्छ पाण्याच्या धारेखाली डोळा उघडा धरून पंधरा-वीस मिनिटे धुवावा आणि लगेच डॉक्टरांकडे जावे. लिंबू, दूध, तूप यांतले काहीही घालू नये.

चुना पिकला की नाही हे कसे ओळखावे? घरात उत्तम दर्शक आहे : हळद. मुरगळलेल्या पायावर हळद-चुन्याचा लेप लावताना पिवळी हळद लाल होते, ते तुम्ही पाहिले आहेच. पाण्यात कालवलेल्या हळदीचा ठिपका भिंतीच्या कोपऱ्यात द्यावा. लालभडक झाला तर चुना अजून कच्चा. पिवळाच किंवा फार तर नारिंगी राहिला तर वरचा थर तरी दगड झाला. सिमेंट-काँक्रीट तपासताना अभियंते फिनॉल्फ्थॅलीन फवारतात, त्यातही तत्त्व हेच.

तुम्हाला भिंत रंगवता येत नसेल तर एक स्टीलची ताटली घ्या. ॲल्युमिनियमची नको, चुना तिला खातो. ताटली तोलून घ्या आणि मोठ्या माणसाला जवळ बसवून तिच्यात पातळ चुन्याचा थर पसरा. पूर्ण वाळल्यावर पुन्हा तोला. मग एक दिवसाआड पाण्याचा बारीक फवारा मारा, पुरता वाळू द्या आणि तोला. सोनाराकडचा किंवा शाळेतला संवेदनशील काटा असेल तर बरे. दुसऱ्या ताटलीत तसाच थर घेऊन ती झाकणाच्या घट्ट डब्यात ठेवा. दोन्हींचे आकडे वहीत शेजारी शेजारी लिहा. वजन जास्तीत जास्त किती वाढू शकेल ते वर दिलेल्या ७४ आणि १०० या आकड्यांवरून आधीच काढून ठेवा.

आमच्या खोलीत मी आणि पुतण्याने महिन्याने चारी भिंतींना हळदीचे ठिपके दिले. तीन भिंती पिवळ्या. पाठ टेकली तर सदरा स्वच्छ. चौथ्या भिंतीवर, धान्याच्या कोठीमागे, ठिपका लालच झाला. कोठी भिंतीला अगदी चिकटून होती, मागे हवा खेळत नव्हती. दोघांनी मिळून ती हातभर पुढे ओढली. आईने विचारले, “आता काय काढलंत?” पुतण्या म्हणाला, “आजी, भिंतीला श्वास घेऊ देतोय.” संक्रांतीला पुन्हा ठिपका दिला तेव्हा तो पिवळाच राहिला. खाली जमिनीलगत थोडा लोणा या वर्षीही फुलला आहे. तो केरसुणीने झाडला आहे, आणि पिंपात पुढच्या दिवाळीचा चुना पाण्याखाली मुरत ठेवला आहे.